सत्त्याण्णव कागदांची दुसरी बाजू

मित्रांनो, मधात बोलू नका, फक्त ऐकून घ्या. पहिले मले सगळं सांगू द्या, मंग जे म्हणायचं ते म्हणा. नाही तं मी अर्ध्यावरच अडकतो, अन मी अडकलो का माह्या अंगावर लाल लाईट लागते, अन कोणीतरी येऊन माहं झाकण उघडते अन दोन थपडा हाणते.

आपली गोष्ट सांगणारे सगळे सुरुवातीलेच म्हणतात, मी एक जुना अमका आहे, मी एक जुना ढमका आहे. मी जुना नाही बाप्पा. मले अजून तीन वर्षं पण नाही झाले. मी एक स्कॅनर आहे, कागदाचा फोटो काढणारी मशीन. झेरॉक्सच्या दुकानात असते तेवढी लहान नाही, चांगला कमरेइतका उंच. वरून कागदाचा गठ्ठा ठेवला का मी एका मिनिटात साठ पानं गिळतो अन जशेच्या तशे खालून बाहेर काढतो. अन माही खास गोष्ट अशी का मले दोन डोळे आहेत, एक वर अन एक खाली. कागद मधातून गेला का त्याच्या दोन्ही बाजू मले एकाच दमात दिसतात. तुम्हाले नाही दिसत. तुम्ही एक बाजू वाचता, पान पलटवता, तोवर पहिली अर्धी विसरून जाता.

कारखान्यात मले चालू केलं तेव्हा जे पहिलं पान माह्यातून गेलं ते कोरं होतं. वरून कोरं, खालून कोरं. मले वाटलं दुनियेचे सगळे कागद असेच असतील, मजा आहे. मंग थर्माकोलात बांधून, ट्रकमध्ये टाकून मले रायपूरले आणलं, अन तिथून नवा रायपूरच्या एका सरकारी दफ्तरात. विकत नाही हं, भाड्यानं. एका एजन्सीनं मले तीन वर्षांच्या करारावर इथं ठेवलं, अन माह्यासोबत मले चालवायले एक पोट्टी पण ठेवली, अकरा महिन्यांच्या करारावर, भरले का परत नवा कागद. तिचं नाव पूर्णिमा. तेवीस वर्षांची, रायपूरजवळच्या बीरगांवची. बाप तिकडंच उरला नावाच्या वस्तीतल्या फॅक्टरीत होता, मशीनमध्ये पाय गेला तेव्हापासून घरीच पडून आहे, अन घर हिच्या एकटीच्या पगारावर. सकाळी येऊन माह्यावरची चादर काढते, बोटानं माह्या वरच्या काचेवर, म्हणजे स्क्रीनवर, आपलं नाव टाकते, तेव्हा मी जागा होतो. खुश असली का मले मोटू म्हणते.

माहं बोलणं ऐकून हसू नका. पूर्णिमाच्या घरी मराठी बोलतात, तिले समजते सगळं, पण उत्तर ती हिंदीतच देते. मले मराठी शिकवली ती अंजनाबाईनं. शिकवली म्हणजे काय, दिवसभर ती बोलून राहायची अन मी ऐकून राहायचो.

आता अंजनाबाई कोण, ते ऐका. मले ज्या खोलीत ठेवलं ती दुसऱ्या माळ्यावरची रेकॉर्ड रूम. खिडकीतून बाहेर पाहिलं तं हा एवढा रुंद रस्ता, अन त्याच्यावर माणसं कमी अन झाडांच्या कुंड्या जास्त. आतमध्ये छतापर्यंत लोखंडी रॅक, अन रॅकवर लाल कपड्यात बांधलेले फायलींचे गठ्ठे. त्या गठ्ठ्यांची मालकीण म्हणजे अंजनाबाई. वय साठ, ती पण बीरगांवचीच. साहेबानं वरून फोन केला का बावा दोन हजार चारची अमकी फाईल पाहिजे, तं ही कॉम्प्युटर नाही पाहायची, वही नाही पाहायची. सरळ रॅककडे जायची, तिसऱ्या गठ्ठ्यातून फाईल ओढायची अन फुंकर मारून द्यायची.

ती फायली पोरांसारख्या सांभाळायची. कडुनिंबाचा पाला, डांबराच्या गोळ्या, दर उन्हाळ्यात गठ्ठे गच्चीवर नेऊन ऊन दाखवणं. अन प्रत्येक पानाच्या खालच्या कोपऱ्यात लाल पेन्सिलीनं नंबर. पानाच्या दोन्ही बाजूले बरं का. पूर्णिमानं एकदा विचारलं का काकू, मागच्या बाजूले काहून? तं अंजनाबाई म्हणे, मागं पण लिहिलेलं असते नं, त्याले नंबर नाही दिला तं उद्या कोणी म्हणेल हे नव्हतंच. दफ्तर जेव्हा शहरातल्या जुन्या बिल्डिंगीतून इकडं आलं, तेव्हा ही ट्रकमध्ये गठ्ठ्यांवर बसून आली होती. आल्यावर मोजले. एक पण कमी नाही.

विश्वकर्मा पूजेच्या दिवशी बड्या बाबूनं, म्हणजे हेडक्लार्क भार्गव बाबूनं, झाकण उघडून माह्या डोळ्याच्या काचेवरच कुंकवाचा टिळा लावला. मंग तीन दिवस सगळ्या फायलींवर लाल पट्टा. पूर्णिमा रडकुंडीले आली. अंजनाबाई काही पूजेत नव्हती, तिच्या घरी बाबासाहेबांचा अन बुद्धाचा फोटो, बाकी काही नाही, पण तिनंच मले पदरानं, मंग ओल्या कपड्यानं, मंग कोरड्या कपड्यानं पुसलं. म्हणे, मशीनले काय टिळा लावायचा, मशीनले साफ ठेवाव. असं होतं आमचं. मी खुश होतो मित्रांनो. दिवसाले चार-चार हजार पानं. वरून मोठ्या मॅडम, दफ्तरच्या मुख्य अधिकारी, येऊन पाहून जायच्या अन म्हणायच्या, वा.

पण मुद्दा हा का अंजनाबाई त्या दफ्तरात नोकरीले नव्हतीच. चोवीस वर्षं रोज येऊन राहिली होती, अन नोकरीले नव्हती. हे मले पण पहिले समजलं नाही. ऐका. ती दैनिक वेतनभोगी. म्हणजे रोजीवर. छत्तीसगड बनलं त्याच्या पुढच्या वर्षी तिले ठेवलं, एकोणनव्वद दिवसांसाठी. नव्वद झाले तं उद्या म्हणेल मले कायम करा, म्हणून एकोणनव्वद. एकोणनव्वद दिवस झाले का एक दिवस ब्रेक. त्या दिवशी हजेरीत नाव नाही. अन दुसऱ्या दिवसापासून परत एकोणनव्वद. अशे सहा जण होते, अंजनाबाई, ड्रायव्हर नीलकंठ अन आणखी चार. अन मजा पाहा, ब्रेकच्या दिवशी पण सगळे येऊन काम करायचेच. अंजनाबाई म्हणे, घरी बसून काय करू, साहेबानं फाईल मागितली तं कोण देईल?

आता ब्रेक तं दफ्तरच देत होतं. पण कागदावर तसं कसं लिहिणार? म्हणून दर खेपेले ह्याईच्याकडून अर्ज लिहून घ्यायचे, का मी आपल्या मर्जीनं, घरच्या अडचणीमुळे काम सोडून राहिली आहे. अन कागद वाचवायचा म्हणून त्याच कागदाच्या मागच्या बाजूले दफ्तर शिक्का मारून द्यायचं, का हिले परत कामावर घेतलं. एका बाजूले सोडलं, दुसऱ्या बाजूले रुजू. मधात एक दिवस. सहा जणांत लिहिता-वाचता चांगलं एकट्या अंजनाबाईले यायचं, दहावी झालेली ती. तं सगळ्यांचे अर्ज तीच लिहायची. बाकीचे फक्त सही करायचे.

एकदा भार्गव बाबू तिले म्हणाला का सगळ्यांचं कारण सारखंच, घरची अडचण, घरची अडचण, बरं दिसत नाही, ऑडिटवाले हसतील. झालं. अंजनाबाईनं मनावर घेतलं. त्या दिवसापासून ती कारणं शोधून काढायले लागली. नणदेच्या घराची वास्तू. दिराचं लग्न. दीक्षाभूमीले नागपूरले जाणं. म्हैस व्याली. सासूचं डोळ्याचं ऑपरेशन. नीलकंठ हसून-हसून सांगायचा, ताईनं कागदावर माह्या बायकोचे चार बाळंतपणं केले, घरी लेकरू एकच आहे. अन अंजनाबाईची सासू कागदावर दोन वेळा मेली, अन घरी टीव्ही पाहून राहिली होती.

हे सगळे कागद कुठं? तिच्याच रेकॉर्ड रूममध्ये. तिनंच सुई-दोऱ्यानं शिवलेले, तिनंच नंबर टाकलेले, कडुनिंबाच्या पाल्यात.

मंग मागच्या वर्षी ऑर्डर आली. सरकारनं एक समिती बसवली, का ज्याईनं दहा वर्षांच्या वर सलग काम केलं, त्याईच्या फायली स्कॅन करून पोर्टलवर टाका. समिती पाहील अन पात्र असतील त्याईले कायम करेल. अन त्याच ऑर्डरमध्ये खाली हे पण, का सगळं रेकॉर्ड स्कॅन झालं का रेकॉर्ड रूम मार्चमध्ये बंद, अन जे पात्र नाही ठरले त्याईले घरी पाठवायचं. म्हणजे कायम, नाही तं बाहेर. मधलं काही नाही. अंजनाबाईचे दोनच वर्षं राहिले होते, कायम लोकाईले बासष्टपर्यंत काम असते. दोन वर्षं कायम. तेवढंच पाहिजे होतं तिले. एक दिवस डबा खाता-खाता पूर्णिमाले म्हणे, मेल्यावर पोरांनी कोणाले सांगितलं का आमची आई सरकारी नोकरीत होती, तं ते खरं असाव.

नीलकंठची अन बाकी चौघांची फाईल पहिले झाली. पूर्णिमानं गठ्ठा ठेवला, बटण दाबलं, दोन्ही बाजू, मी गिळलं. तिनं काही वाचलं नाही. स्कॅन करणारा माणूस कधी वाचत नाही, तेवढा वेळच नसते. मी मात्र सगळं पाहिलं. पण मले काय समजते? मले फक्त दिसते.

सहांतली शेवटची फाईल अंजनाबाईची. शुक्रवार होता, दुपारचे साडेतीन, अंजनाबाई खाली कॅन्टीनमध्ये चहाले गेली होती. अर्धी फाईल झाली, अन मी अडकलो. खोटं नाही सांगत, मुद्दाम नाही अडकलो. एक कागद पातळ होता, दोन-तीनदा दुमडलेला, तो माह्या दाताखाली गोळा झाला. पूर्णिमानं झाकण उघडून हळूच ओढला, मांडीवर ठेवून सरळ केला, अन सरळ करता-करता वाचला. सासूबाई वारल्या म्हणून काम सोडते. खालच्या कागदावर नजर गेली. सासूबाई वारल्या म्हणून काम सोडते. पूर्णिमा फस्सकन हसली. मंग तिनं पुढचे वाचले, मागचे वाचले. म्हैस, वास्तू, लग्न, सगळे. हसून राहिली होती, अन एका कागदावर थांबली. त्याच्यावर लिहिलं होतं का पती वारले म्हणून काम सोडते. अक्षर बाकीच्याईसारखंच, गोल अन नीट. पूर्णिमाले माहीत होतं, अख्ख्या बीरगांवले माहीत होतं, तो कागद खरा होता. बाईचा नवरा गेला होता अन त्याच आठवड्यात तिचा एकोणनव्वदावा दिवस आला होता.

पूर्णिमानं मोजले. सत्त्याण्णव कागद. सत्त्याण्णव वेळा बाईनं आपल्या हातानं लिहून दिलेलं का मी आपल्या मर्जीनं चालली. आता समिती काय म्हणेल? सलग कुठं आहे? ही तं दर तीन महिन्याले आपल्या मनानं सोडून जात होती.

मित्रांनो, पूर्णिमानं दाराकडं पाहिलं, बाई अजून आली नव्हती. मंग तिनं ती अर्धी झालेली फाईल डिलीट केली. सगळे कागद पलटवून परत गठ्ठा लावला, रुजूवाली बाजू वर, सोडलंवाली खाली. अन माह्या काचेवर दोन्ही बाजूचं बटण काढून एकच बाजू केलं. माहा खालचा डोळा बंद. मी असा पहिल्यांदाच काम करून राहिलो होतो, एका डोळ्यानं. कामावर घेतलं, कामावर घेतलं, कामावर घेतलं, सत्त्याण्णव वेळा. कुठंच सोडलं नाही. मस्त वाटत होतं वाचायले. तिनं ते पोर्टलवर टाकलं, अन कागद जशेच्या तशे परत लावून बांधून ठेवले. अंजनाबाई चहा पिऊन आली तं विचारलं, झाली का माही? पूर्णिमा म्हणे, हो गई काकू. बाईले सांगितलं नाही. सांगितलं असतं तं बाईनं करूच दिलं नसतं.

तीन आठवड्यांनी सोमवारी अकरा वाजता मोठ्या मॅडम खोलीत आल्या, सोबत भार्गव बाबू. मॅडमच्या हातात समितीचं पत्र.  मॅडम बोलल्या तं हळू आवाजात बोलल्या, त्याचीच मले भीती वाटली.

"पेज नंबर दो, चार, छह, आठ. एक, तीन, पाँच कहाँ हैं?"

लाल पेन्सिल. समितीनं कोपऱ्यातले नंबर पाहिले होते. नंबर नसते तं कोणाले समजलं पण नसतं का कागदाले दुसरी बाजू आहे.

भार्गव बाबू म्हणाला, रेकॉर्ड तो अंजनाबाई ही देखती है मैडम. ज्यानं सत्त्याण्णव वेळा ते अर्ज आपल्या हातानं घेतले, त्याचं एवढंच वाक्य. त्याची नोकरी कायम, त्याले तीन महिने राहिले होते रिटायर व्हायले.

अंजनाबाईनं रॅकवरून आपली फाईल ओढली, पानं पलटवली. सगळी होती, दोन्ही बाजू. मंग तिनं पूर्णिमाकडं पाहिलं. पूर्णिमानं माही कड धरून ठेवली होती.  तिनं बोलायले तोंड उघडलं.

"मैंने बोला था मैडम," अंजनाबाई म्हणाली. "लड़की को क्या समझता है. मैंने बोला, एक ही बाजू कर."

मॅडमनं विचारलं, काहून? बाई म्हणे, शरम वाटली, सासूले दोनदा मारलं म्हणून. कोणी हसलं नाही. बाईनं हात जोडून सांगितलं का आत्ता दोन्ही बाजूनं करून पाठवते, पाच मिनिटाचं काम आहे. मॅडम म्हणाल्या पोर्टल बंद झालं. अन मंग जाता-जाता त्या माह्याकडं वळल्या.

"इसमें हिस्ट्री रहती होगी ना? किसने, कब, क्या दबाया?"

मित्रांनो, राहते. माह्या पोटात शेवटच्या एक हजार कामांची नोंद राहते. तारीख, वेळ, नाव, बटण. शुक्रवार, तीन वाजून बावन्न मिनिटं, पूर्णिमा, एकच बाजू. चहाच्या वेळी. काचेवर चार वेळा बोट लावलं का सगळं दिसते. मी हिरवी लाईट लावून उभा होतो.

"नहीं मैडम," पूर्णिमा म्हणाली. "इसमें नहीं रहती."

मॅडम गेल्या, बाबू गेला. पूर्णिमा खाली बसून रडायले लागली. अंजनाबाईनं तिले पाणी दिलं. रागावली नाही असं नाही हं. म्हणे, येडी आहे का तू, मले विचारलं काहून नाही? मंग थोड्या वेळानं म्हणे, "चूप राह्य. माहे दोन वर्षं राहिले होते, तुहे पस्तीस-चाळीस आहेत. अन तुह्या घरी कोण कमावते?" एवढं बोलून ती गठ्ठे बांधायले लागली.

पंधरा दिवसांत तिले कामावरून बंद केलं. मार्चची पण वाट पाहिली नाही. रेकॉर्ड लपवणाऱ्या बाईले रेकॉर्ड रूममध्ये कसं ठेवणार? शेवटच्या दिवशी तिनं सगळे रॅक पुसले, मले पुसलं, चावी भार्गव बाबूच्या टेबलावर ठेवली अन पाच वाजताच्या बसनं गेली. त्या दिवशी तिच्याकडून कोणताच अर्ज लिहून घेतला नाही.

आता खरी गोष्ट ऐका, जी मले अजून पचली नाही. दीड महिन्यानं लिस्ट लागली. नीलकंठ खोलीत आला, हातात पेढ्याचा डबा, पण तो त्यानं उघडलाच नाही, माह्या पाठीवर ठेवून दिला. त्याचं नाव लिस्टमध्ये होतं. बाकी चौघांचं पण. म्हणजे ज्याईच्या फायली मी दोन्ही डोळ्यांनी पाहिल्या होत्या, ते सगळे पास. समितीनं लिहिलं का कोणता माणूस चोवीस वर्षं दर तीन महिन्याले आपल्या मर्जीनं काम सोडून दुसऱ्याच दिवशी परत येते? हे अर्ज दफ्तरानंच लिहून घेतले आहेत, हे ब्रेक खोटे आहेत, म्हणून नोकरी सलग धरावी. तेच कागद, मित्रांनो. तेच अक्षर. तीच म्हैस, तीच वास्तू. त्याच कागदांनी पाचही जण कायम झाले. अन अंजनाबाईच्या नावासमोर, अपात्र, कागद दडवले.

नीलकंठ पूर्णिमासमोर खुर्ची ओढून बसला. बराच वेळ हातातली गाडीची किल्ली फिरवून राहिला होता. मंग म्हणे, "ताईनं जिंदगीत एक कागद नाही लपवला. हे तिचं काम नाही."  तो म्हणे, अपील करायले तीस दिवस आहेत, वकील म्हणते का हे दुसऱ्या कोणी केलं असं काही दाखवता आलं तं ताईचं नाव लिस्टमध्ये येऊ शकते. ताई घरी काहीच सांगत नाही. अन मंग त्यानं पण तेच विचारलं का मशीनमध्ये काही राहते का गं?

"नहीं भैया," ती म्हणाली. नीलकंठ गेला. पेढ्याचा डबा तिथंच राहिला, दुसऱ्या दिवशी त्याले मुंग्या लागल्या.

त्या दुपारी पूर्णिमानं दार लावलं अन माह्या काचेवर चार वेळा बोट लावलं. नोंद उघडली. वर सरकवत-सरकवत गेली अन त्या शुक्रवारवर थांबली. तिचं नाव. बाजूले नंबर, सहाशे बारा. म्हणजे त्याच्यानंतर सहाशे अकरा कामं झाली होती, अन हजारच्या पुढं गेलं का जुनं आपोआप पुसलं जाते. तिनं बोटावर हिशोब केला, मी पाहिलं.

पहिले ती चारशे-चारशे पानांचा गठ्ठा एका कामात टाकायची. दुसऱ्या दिवसापासून ती एक-एक पान टाकायले लागली. एक पान, एक काम. एक पान, एक काम. दर पानाले तिचा हात थांबायचा, दिवसाले पंधरा-वीसच पानं व्हायचे. मी गिळून राहिलो, बाहेर काढून राहिलो. सहाशे नव्वद. सातशे साठ. आठशे चाळीस. तिचं तोंड उतरलं होतं, डबा तसाच परत न्यायची. मले मोटू म्हणणं बंद झालं. मॅडम एक दिवस येऊन म्हणाल्या, काम इतकं हळू काहून होऊन राहिलं? एजन्सीवाल्यानं तिले फोनवर झापलं, का अकरा महिने भरून राहिले, असंच चालू राहिलं तं पुढचा कागद मिळणार नाही. तरी पण एक-एकच पान.

तिले वाईट नका म्हणू. मी तिच्या हाताखाली तीन वर्षं काढत आलो, ती वाईट नाही. नोंद दाखवली तं एजन्सी तिले त्याच दिवशी काढेल, वरून चौकशी बसेल, अन बीरगांवच्या घरी बाप पलंगावर आहे. नाही दाखवली तं काहीच होणार नाही. अंजनाबाईनं तं आपल्या तोंडानं सांगितलंच आहे. तिले माफ पण केलं आहे. पण त्याच बीरगांवात बाई राहते. पूर्णिमा आता तिच्या गल्लीतून जात नाही, बसचा स्टॉप पण तिनं बदलला.

अन मी? मी मशीन आहे, पण अडकू तं शकतो. काल नऊशे नव्वदावर एक चांगलं जाड, कोरं पान मी दाताखाली धरून ठेवलं, सोडलंच नाही. लाल लाईट लावली. माहा करार पण या महिन्यात संपून राहिला आहे, खराब झालो तं मले परत नेतील अन पुसून टाकतील, तेव्हा माह्या अडकण्यानं काय होते? पूर्णिमानं मले थापड नाही मारली. झाकण उघडलं, पान काढलं, अन तसाच हात आत ठेवून बसून राहिली.

आज अपीलचा शेवटचा दिवस आहे. दुपारचे तीन वाजले आहेत. नीलकंठ खाली गाडीजवळ उभा आहे, त्याले पाच वाजेपर्यंत कागद वकिलाकडं पोचवायचा आहे, कागद काय द्यायचा हे त्याले पण माहीत नाही. माह्या पोटात ती नोंद आता नऊशे ब्याण्णवावर आहे. आणखी आठ कामं झाले का ती नोंद काठावर, अन नवव्याले गेली. पूर्णिमाच्या मांडीवर नऊ पानं आहेत. काच चालू आहे, अन काचेवर दोन बटणं शेजारी-शेजारी. एक, नवीन स्कॅन. दुसरं, नोंद छापा. तिचं बोट दोन्हीच्या मधात आहे, काचेले लागलेलं नाही.

झालं माहं सांगून. आता बोला तुम्ही. पण घाई करू नका, बापाचा पलंग पण डोळ्यासमोर आणा अन ती दुसरी पण आणा, जी बीरगांवात घरी बसली आहे. अन मंग खरं-खरं सांगा मित्रांनो, तिच्या खुर्चीवर तुम्ही बसले असते, तं बोट कुठं ठेवलं असतं?